सातव्या मुद्द्यातला मुक्काम

ते परिपत्रक मी लिहिलं होतं, हे आधीच कबूल करून टाकतो. पुढे कुठेतरी तुम्हाला ते कळणारच आहे, आणि तेव्हा तुम्ही माझ्याकडे ज्या नजरेने बघाल ती नजर मी एकदा अनुभवली आहे.

आमचं ऑफिस पाणीपुरवठ्याचं. मी तिथे आस्थापना शाखेत वरिष्ठ लिपिक. शहराला पाणी नेमकं कसं पोचतं ते मला नीट सांगता येणार नाही, पण पाणी पोचवणाऱ्यांपैकी कोण कोणत्या साली किती दिवस कामावर नव्हतं, ते मी झोपेतही सांगेन. साथ सुरू झाली आणि आजारी रजेचे नवे नियम करायची वेळ आली, तेव्हा मोठ्या साहेबांनी मला बोलावून "काहीतरी कडक लिहा" एवढंच सांगितलं. माझ्या अंगावर काटा आला. बावीस वर्षांच्या नोकरीत इतका मोकळा हात मला कोणी दिला नव्हता.

दोन दिवस खपून मी नऊ मुद्द्यांचं परिपत्रक तयार केलं. सगळे नऊ सांगत बसत नाही, मोह होतोय तरी. दुसरा मुद्दा असा, की रुग्णाच्या घरून आलेला कोणताही कागद तीन दिवस एका खोक्यात वेगळा ठेवावा आणि मगच तो मिळाल्याची नोंद करावी. चौथा असा, की बाधित कर्मचाऱ्याने चौदा दिवस घराबाहेर पाऊल टाकू नये, टाकल्यास शिस्तभंगाची कारवाई होईल. आणि सातवा, माझा लाडका, असा की आजारी रजेचा अर्ज मूळ प्रमाणपत्रासह, अहवाल मिळाल्यापासून तीन दिवसांच्या आत, कर्मचाऱ्याने समक्ष येऊन द्यावा, अन्यथा ती गैरहजेरी अनधिकृत धरली जाईल. मी ते परिपत्रक नोटीस बोर्डावर लावलं आणि चार पावलं मागे जाऊन पाहिलं. लोक डोंगर बघून, समुद्र बघून थक्क होतात. मी सातवा मुद्दा बघून झालो. त्यातून मुंगी सुटली नसती.

रेकॉर्डबाईंचं प्रकरण त्यानंतर दहाएक दिवसांत घडलं. रेकॉर्डबाई म्हणजे आमच्या जुन्या फायलींची खोली सांभाळणाऱ्या बाई. नेमणूक तात्पुरती, पण सलग दहा वर्षं भरली की त्या कायम होणार होत्या, आणि दहा वर्षांना दीड महिना उरला असताना त्यांना साथीने गाठलं. त्यांनी फोन करून विचारलं, की चौथ्या मुद्द्याप्रमाणे मी घराबाहेर पडू शकत नाही, तर सातव्याप्रमाणे समक्ष येऊ कशी? मी म्हणालो, दोन्ही मुद्दे आपापल्या जागी बरोबर आहेत. त्यांनी शेजाऱ्याच्या हाती अर्ज पाठवला. मी त्यावर 'समक्ष नाही' असा शेरा मारला, चौदा दिवस अनधिकृत गैरहजेरी लावली, सेवेत खंड पडला आणि त्यांची दहा वर्षं पुन्हा शून्यापासून सुरू झाली. त्या दिवशी मला जेवण नीट गेलं, हेही सांगून टाकतो. बाई बऱ्या होऊन कामावर आल्या. माझ्या टेबलासमोरून रोज फायलींचे गठ्ठे घेऊन जायच्या आणि माझ्याकडे बघायच्या नाहीत. मी ते शिस्तीचं लक्षण समजत होतो.

मग मला ताप आला.

एकट्याला नाही. माझ्या सासूबाईंनाही आला. त्या दात दाखवायला चार दिवसांसाठी आमच्याकडे आल्या होत्या आणि मध्येच गाड्या बंद झाल्यामुळे चार महिने राहिल्या होत्या. दोघांची तपासणी झाली, दोघंही बाधित निघालो. बायको आणि मुलगी दोघी ठणठणीत. आमचं घर दोन खोल्यांचं, आणि एक स्वयंपाकघर. बायकोने उभ्या उभ्या हिशोब केला: आजारी आतल्या खोलीत, बरे बाहेरच्या. खोलीच्या मधोमध दोरी बांधून तिच्यावर मुलीच्या लहानपणची जिराफांची चादर टाकली, अलीकडे माझी गादी, पलीकडे सासूबाईंची खाट, आणि दार लोटून घेतलं. सगळं अर्ध्या तासात. आमच्या ऑफिसात खुर्ची हलवायला तीन सह्या लागतात.

इथे सासूबाईंबद्दल थोडं सांगायला हवं, पण मला त्यांच्याबद्दल फारसं माहीत नव्हतं, हीच तर गंमत. लग्नाला चौदा वर्षं झाली होती आणि या चौदा वर्षांत मी त्यांच्याशी एकूण तीन विषयांवर बोललो होतो: प्रवास कसा झाला, तब्येत बरी ना, आणि पंखा वाढवू का. अंगाने बारीक, आवाज हळू, चहा दिला की कप दोन्ही हातांनी धरायच्या. पूर्वी कुठल्याशा ऑफिसात होत्या, असं मी लोकांना सांगायचो. 'कुठल्याशा' हा माझाच शब्द.

आम्ही बाधित असल्याची बातमी इमारतीत पसरायला जेवढा वेळ लागला तेवढ्यात मला अजून तापसुद्धा नीट चढला नव्हता. पहिले आले खालच्या मजल्यावरचे मोजणीकाका. आयुष्यभर जमिनी मोजल्या, आता निवृत्त. त्यांनी जिन्यात फितीने अंतर मोजून आमच्या दारापासून सहा फुटांवर खडूची रेघ ओढली आणि तिच्यापलीकडे उभं राहून जिन्याकडच्या खिडकीतून मला सल्ला दिला. वाफ घ्या. वाफ घेतल्यावर वारा घेऊ नका. पालथे झोपा. मी पालथा झोपलो तर काकांनी सांगितलं की असं नव्हे, डोकं उत्तरेला नको. समोरच्या वहिनींचं मत होतं की वाफ अजिबात घेऊ नका, त्यांच्या भावाच्या साहेबांनी घेतली आणि नाक भाजलं. दोघांचा जिन्यातच वाद जुंपला. मी आत पालथा पडून ऐकत होतो. माझ्या नाकाबद्दल इतक्या तळमळीने कोणी बोललेलं मी पूर्वी ऐकलं नव्हतं.

तेवढ्यात आरोग्य खात्याची ताई आली आणि 'येथे रुग्ण आहे, प्रवेश करू नये' असा कागद चिकटवून गेली. तो कागद तिने वहिनींच्या दाराला चिकटवला. वहिनींनी तो काढायला हात लावला, तर खाली बारीक अक्षरात लिहिलं होतं की हा कागद काढणं गुन्हा आहे. वहिनींनी फोन केला. तिकडून सांगण्यात आलं की कागद हलवायचा असेल तर वहिनींना बाधा नसल्याचा दाखला लागेल, आणि दाखल्यासाठी त्यांना बाहेर पडावं लागेल, आणि दाराला कागद असेपर्यंत त्यांना बाहेर पडता येणार नाही. वहिनींनी हे मला खिडकीतून ओरडून सांगितलं. खोटं कशाला बोला, माझ्या मनात पहिल्यांदा कौतुकच आलं. ज्याने कोणी तो कागद लिहिला होता, तो आपल्यातला माणूस होता.

आता माझ्या अर्जाकडे वळतो. समक्ष जाणं शक्य नव्हतं, पण मला काळजी नव्हती. नियम लिहिणारा मी, शाखा माझी, टेबलावर बसलेला माझ्या हाताखालचा लिपिक मी स्वतः घडवलेला. हा पूर्वी आवक-जावक टेबलावर होता, त्यामुळे ऑफिसात त्याला सगळे जावक म्हणत. दुसऱ्या दिवशी मी अर्ज लिहिला, त्याला अहवाल जोडला आणि मोजणीकाकांनी तो प्लास्टिकच्या पिशवीत घालून, पिशवी छत्रीच्या दांड्याला अडकवून, हात लांब धरून ऑफिसात पोचवला. जावकने तो दुसऱ्या मुद्द्याप्रमाणे खोक्यात ठेवला. पाचव्या दिवशी दुपारी त्याचा फोन आला. मला ऐकू कमी येत होतं म्हणून मी फोनचा आवाज मोठा केला होता.

जावक अतिशय नम्रपणे म्हणाला की साहेब, अर्ज आज मिळाल्याची नोंद झाली आहे, मुदत काल संपली. शिवाय समक्ष नाही. शिवाय अहवालात काहीतरी घोटाळा आहे.

मी विचारलं, कसला घोटाळा?

"नाव तुमचंच आहे साहेब. पण पुढे 'स्त्री, वय एकोणसत्तर' असं लिहिलंय. या कागदाप्रमाणे तुम्ही अकरा वर्षांपूर्वीच निवृत्त झाला आहात."

तपासणी केंद्रावर आमच्या नावांपुढचे स्त्री-पुरुष आणि वय हे रकाने उलटसुलट पडले होते. दुरुस्ती कुठे होते म्हणून विचारलं, तर त्याने तेही शोधून ठेवलं होतं: केंद्रावर, समक्ष. मी त्याला समजावलं की अरे, मी आहे, मी. तू माझ्याच हाताखाली शिकलास. तो म्हणाला, म्हणून तर. रेकॉर्डबाईंच्या वेळी तुम्हीच शिकवलंत की माणूस बघायचा नाही, मुद्दा बघायचा. मी आजपासून अनधिकृत गैरहजेरी लावतोय साहेब, काळजी घ्या, पाणी भरपूर प्या.

फोन बंद झाला आणि मी भिंतीकडे बघत बसलो. राग यायला हवा होता. आला तो आदर. त्याच्या बोलण्यात एक फट नव्हती. एखाद्या गवंड्याने स्वतःच्या हाताने भिंत बांधावी आणि शेवटची वीट बसल्यावर त्याला कळावं की आपण आतल्या बाजूला उभे आहोत, आणि तरीही त्याने भिंतीवरून हात फिरवून म्हणावं, काय ओळंब्यात आलीय, तसं माझं झालं. बावीस वर्षांत माझ्या सेवेत एका दिवसाचा खंड नव्हता. आता पडणार होता, आणि पाडणारा मीच होतो.

जिराफांमागून आवाज आला.

"ते परिपत्रक वाचून दाखवता का?"

मला वाटलं, बाईंना तापात करमणूक हवी असेल. मी फोनमध्ये काढून नऊच्या नऊ मुद्दे वाचले. आवाज घसा बसलेला, तरी जमेल तितका भारदस्त ठेवला. 

"कोणी लिहिलंय?"

मी म्हणालो, मी.

"हं," त्या म्हणाल्या.

हा हुंकार मला अजून ऐकू येतो. त्यात नापसंती नव्हती, कौतुक तर नव्हतंच. वैद्य नाडी सोडताना जसा देतात तसा तो काहीसा होता. मग त्या हळू आवाजात, मधूनमधून खोकत, बोलत गेल्या. चौथा पाळला तर सातवा मोडतो, सातवा पाळला तर चौथा. कागद दुसऱ्याच्या हाती पाठवला तर दुसरा मुद्दा तीन दिवस खातो आणि सातव्यातले तीन दिवस तिथेच संपतात. "तुमच्या या परिपत्रकात आजारी रजा एकाच माणसाला मिळू शकते," त्या म्हणाल्या. "जो आजारी नाही त्याला."

मी चादरीकडे बघत राहिलो. तो दोष मला चार महिन्यांत दिसला नव्हता. त्यांनी तो एकदा ऐकून, डोळे मिटून, शंभर ताप असताना काढला होता. मी चाचरत विचारलं की आई, तुम्ही नेमक्या कोणत्या ऑफिसात होतात? चौदा वर्षांनी. त्या म्हणाल्या, बांधकाम खात्यात, आस्थापना शाखेत, एकतीस वर्षं. शेवटची नऊ वर्षं शाखा त्यांच्याकडेच होती.

मी गादीवर सावरून बसलो. शर्टाचं वरचं बटणही लावलं, मध्ये चादर असताना.

मग साहजिकच माझी गाडी माझ्या अर्जाकडे वळली. माझ्यापुरती काही सवलत काढता येईल का, विशेष बाब म्हणून, असं मी विचारलं. त्यांनी उलट विचारलं की माझ्याआधी या परिपत्रकाखाली कोणाचा अर्ज आला होता. मी रेकॉर्डबाईंचं सांगितलं. शेरा कसा मारला, दहा वर्षांना किती उरलं होतं, सगळं. सांगताना सुरुवातीला माझा आवाज नेहमीसारखा होता, पण शेवटाकडे जाता जाता तो का कोण जाणे बारीक होत गेला. पलीकडे खाट करकरली. सासूबाईंनी भिंतीकडे कूस वळवली होती. त्या दिवशी त्या माझ्याशी पुन्हा बोलल्या नाहीत. मी पंखा वाढवू का विचारलं, त्याचंही उत्तर आलं नाही.

सहाव्या दिवशी सकाळी त्या आपणहूनच बोलल्या.

"तुमची बायको जन्मली तेव्हा माझी अकरा दिवसांची रजा अनधिकृत लावली होती. अर्ज नवऱ्याच्या हाती पाठवला म्हणून. समक्ष या म्हणाले. मी दवाखान्यात होते."

मी फोनमध्ये उघडं राहिलेलं परिपत्रक बंद केलं. 

"त्यानंतर मी सगळे नियम पाठ केले," त्या म्हणाल्या. "तेव्हा रागाने केले. पुढे उपयोगी पडले."

मग त्यांनी मला काय करायचं ते सांगितलं. परिपत्रकाची चूक परिपत्रकाने निघत नाही, शुद्धिपत्रक काढावं लागतं. शुद्धिपत्रकासाठी ज्याने मसुदा केला त्यानेच टिप्पणी ठेवावी, म्हणजे मी. आणि त्याचा अंमल आजपासून नाही, परिपत्रकाच्या पहिल्या दिवसापासून, म्हणजे मधला प्रत्येक निर्णय पुन्हा उघडेल. मी म्हणालो की आजपासून ठेवलं तर माझं काम होतं, मागचं कशाला उकरायचं. त्यावर त्या म्हणाल्या की तुमच्या एकट्याच्या रजेपुरतं असेल तर तुमचं तुम्ही बघा, मला झोपायचंय.  थोड्या वेळाने मी म्हणालो, बरं, पहिल्या दिवसापासून. पण टिप्पणी पोचवायची कशी? सही समक्ष लागते. कागद गेला तर खोक्यात पडतो.

"तुमच्याकडे दूरध्वनी संदेशांची नोंदवही असेल ना?"

माझा विश्वास बसेना. पूर्वी, तातडीच्या वेळी, फोनवरून निरोप सांगायचे, तो वहीत शब्दशः उतरवून घ्यायचे, क्रमांक टाकायचे आणि तो पत्रासारखाच ग्राह्य धरायचे, हे मी ऐकलं होतं. पण ते कधीच बंद पडलं होतं. सासूबाई म्हणाल्या, वापर बंद पडला असेल, रद्द केल्याचा आदेश कुठे आहे? तो निघाल्याचं मला आठवत नाही. आणि ज्या अर्थी त्यांना आठवत नव्हतं, त्या अर्थी तो निघालाच नव्हता, याबद्दल एव्हाना माझी खात्री पटली होती.

दुपारी त्यांचा दम वाढला. बोटाला लावून ऑक्सिजन मोजायच्या चिमट्यावर सकाळी चौऱ्याण्णव आकडा होता, जेवणानंतर नव्वद, मग एकोणनव्वद. बायकोने दार उघडून पाहिलं आणि तिचा चेहरा उतरला. तिने आरोग्य खात्याला फोन लावला. गाडी तासाभरात येईल, तोवर बोलू देऊ नका, असं तिकडून सांगितलं. बायको दारात उभी राहून आईला म्हणाली की तू आता एक शब्द बोलायचा नाहीस.

"तासभर काय करू, छताकडे बघू?" सासूबाई म्हणाल्या आणि चादरीखालून हात पुढे केला. "फोन लावा तुमच्या त्या जावकला."

बायकोने माझ्याकडे असं पाहिलं की या बाईला काही झालं तर मी तुला सोडणार नाही. मीही मनातून हादरलो होतो. राहू दे म्हणालो. पण तो हात तसाच होता, बारीक, तापलेला, जराही न हलणारा. मी फोन लावून दिला.

जावक आधी नाही म्हणाला. अशी वही नाही. सासूबाईंनी त्याला सांगितलं की रेकॉर्डला विचारा, हिरव्या कापडी पुठ्ठ्याची असेल. पलीकडे पावलं वाजली, कपाट उघडल्याचा आवाज आला, आणि दोनेक मिनिटांनी एक बाईचा आवाज म्हणाला, "मिळाली." तो आवाज मी ओळखला.  रेकॉर्डबाईंनीच ती वही काढून आणली होती, कशासाठी ते ठाऊक नसताना. वहीतली शेवटची नोंद एकवीस वर्षांपूर्वीची होती, मुख्य जलवाहिनी फुटल्याची. जावकला वही धरायला आणि लिहायला दोन्ही हात लागत होते, म्हणून त्यानेही फोनचा आवाज मोठा करून टेबलावर ठेवला.

मग सासूबाईंनी सांगायला सुरुवात केली. "विषय. परिपत्रकातील मुद्दा क्रमांक दोन, चार व सात यांतील विसंगती दूर करणेबाबत. पूर्णविराम. नवीन परिच्छेद." श्वास घ्यायला थांबायच्या, पण वाक्याच्या मध्ये नाही, स्वल्पविरामावर. एक शब्द मागे घेतला नाही, एक बदलला नाही. जावकने मध्येच विचारलं, 'विसंगती'तला वि पहिला की दुसरा? "पहिला," त्या म्हणाल्या, आणि जावक म्हणाला, "हो मॅडम." त्याने मला कधी इतक्या पटकन हो म्हटलं नव्हतं. चादरीच्या अलीकडे मी गुडघ्यांवर हात ठेवून बसलो होतो. बावीस वर्षं मी हीच भाषा लिहीत होतो, आणि ती दार बंद करायची भाषा आहे असंच समजत होतो. या बाई तीच भाषा वापरून एकेक कडी काढत होत्या.

तिसऱ्या परिच्छेदावर त्यांचा दम संपला. आकडा सत्त्याऐंशी. त्यांनी फोन चादरीखालून माझ्याकडे सरकवला आणि हाताने खूण केली: पुढचं तुम्ही.

पुढचं काय ते मला ठाऊक होतं. मी घसा साफ केला. "उपरोक्त कालावधीत," मी म्हणालो, "एका कर्मचाऱ्याच्या रजेबाबत चुकीचा निर्णय घेण्यात आला होता."

चादरीमागून, श्वासाच्या घरघरीतून, एकच शब्द आला.

"कोणी?"

आमच्या ऑफिसात कोणी काही करत नाही. निर्णय घेण्यात येतो, अर्ज फेटाळण्यात येतो, खंड पाडण्यात येतो. माणूस कुठे नसतोच. नोकरीला लागल्यापासून मी अशी हजारो वाक्यं लिहिली असतील आणि त्यातल्या एकातही मी नव्हतो. दारात बायको उभी होती. फोनच्या पलीकडे जावक पेन रोखून बसला होता आणि त्याच्या शेजारी रेकॉर्डबाई उभ्या होत्या. त्या गेल्या नव्हत्या, कपाटाचं दार लावल्याचा आवाज आला नव्हता.

"चुकीचा निर्णय मी घेतला होता," मी म्हणालो.

जावक थांबला. साहेब, असं वाक्य टिप्पणीत बसत नाही, असं तो हळूच म्हणाला. मी म्हणालो, लिही. मग मी रेकॉर्डबाईंचं पूर्ण नाव सांगितलं, आणि पलीकडून बाईंनीच शांतपणे मधलं नाव दुरुस्त केलं. इतकी वर्षं मस्टरवर रोज बघून मला त्यांचं नाव नीट माहीत नव्हतं. मी म्हणालो, दुरुस्त करून घे. ती गैरहजेरी रद्द समजावी, सेवा अखंड धरावी, अंमल परिपत्रकाच्या पहिल्या दिवसापासून. पूर्णविराम. माझे कान तापले होते, आणि ते तापाने नव्हे.

वाचून दाखवा, असं सासूबाईंनी खुणेने सांगितलं. जावकने अख्खी नोंद वाचून दाखवली. त्याचं वाचून होतंय तोच खाली गाडी आली.

गाडीवरच्या माणसाने आमचे कागद पाहिले. त्याने सासूबाईंकडे पाहिलं, पुन्हा कागदाकडे पाहिलं. तिथे लिहिलं होतं, 'पुरुष, वय सेहेचाळीस'. या नोंदीवर बाईंना पुरुषांच्या वॉर्डात घालावं लागेल, असं तो चाचरत म्हणाला.

"चला," सासूबाई म्हणाल्या. "वाटेत दुरुस्त करू."

जिन्यात मोजणीकाका खडूच्या रेघेपाशी उभे होते आणि समोरच्या वहिनी त्या कागद लावलेल्या दाराच्या फटीतून बघत होत्या. कोणीही सल्ला दिला नाही. काकांनी टोपी काढली. सासूबाई खुर्चीत बसून खाली गेल्या, मांडीवर कागदांची पिशवी, पाठ ताठ. मी खिडकीतून बघत होतो आणि मला एकाच गोष्टीची भीती वाटत होती. ती इथे लिहीत नाही.

पुढचे दिवस वाईट गेले. चादरीपलीकडची खाट रिकामी होती आणि बायको माझ्याशी कामापुरतं बोलत होती. तिसऱ्या दिवशी दवाखान्यातल्या नर्सचा फोन आला. बायकोने घेतला. नर्स म्हणाली, आजींचा ऑक्सिजन आता बराय, आणि त्यांनी जावयांसाठी निरोप दिलाय की शुद्धिपत्रकावर जावक क्रमांक पडला का ते विचारून घ्या, सही होऊन कागद टेबलावरच पडून राहतात. तिने हेही विचारलं की तुमच्या आजी मोकळ्या असतील तेव्हा आमच्या वॉर्डच्या क्लार्कला त्यांना काहीतरी विचारायचंय, चालेल का? बायको तिथेच जमिनीवर बसली आणि हसता हसता रडायला लागली.

क्रमांक पडला होता. मोठ्या साहेबांनी जावकला विचारलं होतं की ही फोनची वही अजून चालते का, आणि जावकने उत्तर दिलं होतं की रद्द केल्याचा आदेश असेल तर दाखवा. साहेबांना. जावकने. मी ते ऐकून दोनदा खात्री करून घेतली. साहेबांनी सही केली. माझी रजा मात्र तेवढी सुटली नाही. माझ्या जागी एकोणसत्तर वर्षांची स्त्री आजारी पडल्याचं कोडं सुटायला पुढे सव्वा महिना लागला, आणि त्यासाठी मी केंद्रावर तीनदा समक्ष गेलो. तिन्ही वेळा मी रांगेत काही न बोलता उभा राहिलो.

सासूबाई दवाखान्यातून नवव्या दिवशी घरी आल्या. आणखी बारीक झाल्या होत्या. मी दारातच उभा होतो, त्यांना काय काय सांगायचं ते मनात जुळवून. त्या समोर आल्यावर माझ्या तोंडून निघालं, "प्रवास कसा झाला?" त्या म्हणाल्या, बरा झाला. आणि आत जाऊन बसल्या.  मी तसाच त्यांच्याकडे बघत राहिलो, देवळाच्या कळसाकडे बघावं तसा.

बरा होऊन मी ऑफिसात गेलो तो सोमवार होता. टेबल होतं तिथेच होतं. अकराच्या सुमारास रेकॉर्डबाई आल्या, या वेळी हातात गठ्ठा नव्हता. त्यांनी आधी विचारलं की त्या बाई कशा आहेत. बऱ्या आहेत म्हटलं. त्यांनी मान हलवली आणि माझ्यापुढे अर्ज ठेवला. तीन दिवसांची रजा हवी होती, बहिणीला भेटायला जायचं होतं.

मी समोरची खुर्ची दाखवली. बसा म्हणालो.

"आधी शिक्का मारा," त्या म्हणाल्या. आवाज साधा होता, त्यात टोमणा नव्हता.

मी शिक्का मारला, सही केली, अर्जाची प्रत त्यांच्या हातात दिली. त्यांनी ती उजेडाकडे धरली. तारीख वाचली, सही पाहिली, नाव वाचलं, मधलं नावही बोट ठेवून वाचलं. मी खुर्चीतून कधी उठून उभा राहिलो ते मला कळलं नाही. मग त्यांनी कागदाची नीट चौघडी करून पर्समध्ये ठेवली, पर्सची चेन लावली, आणि त्या बसल्या.